ललाटलेख कोणी वाचावा? : 'तृतीय रत्न' नाटकातील दैवकल्पनेची चिकित्सा

प्रस्तावना

मराठी भाषेत दैवासाठी जितके शब्द आहेत तितके क्वचितच दुसऱ्या एखाद्या कल्पनेसाठी असतील. दैव, नशीब, प्रारब्ध, प्राक्तन, संचित, भोग, योग, विधिलिखित, ब्रह्मलिखित, ललाटरेषा अशी ही शब्दसंपदा शास्त्रग्रंथांपासून चुलीपर्यंत पसरलेली आहे. यांतील काही शब्द तत्त्वज्ञानाच्या परिभाषेतून, काही अरबी-फारसीतून तर काही लोकव्यवहारातून आले आहेत. उगमांतील हा भेद लक्षात घेऊनही एक गोष्ट ठळकपणे जाणवते. मराठी माणसाने दैवाची कल्पना मुख्यत्वे 'लेखन' या रूपकातून केली आहे. भविष्य हे 'लिहिलेले' असते, ते कपाळावर असते आणि ज्याच्या कपाळावर ते लिहिले आहे त्याला स्वतःला ते दिसत नाही. ते वाचायला दुसरा कोणी तरी लागतो.

दैववादाची चर्चा करताना 'लेख अटळ आहे की नाही' या प्रश्नावरच बहुधा भर दिला जातो. 'तो लेख वाचतो कोण आणि त्यात दुरुस्ती करण्याचा अधिकार कोणाकडे आहे' हा दुसरा प्रश्न मात्र बाजूला राहतो. महात्मा जोतीराव फुले यांनी १८५५ मध्ये लिहिलेल्या 'तृतीय रत्न' या नाटकाने हा दुसरा प्रश्न विचारला, हे या नाटकाचे वैचारिक वेगळेपण होय. प्रस्तुत निबंधात या नाटकाच्या आधारे दैवकल्पनेची चिकित्सा करण्याचा, त्या चिकित्सेची पूर्वपीठिका व मर्यादा तपासण्याचा आणि आजच्या संदर्भात तिचे मोल ठरविण्याचा प्रयत्न केला आहे.

लेखनाचे रूपक

मूल जन्मल्यानंतर पाचव्या-सहाव्या रात्री सटवाई येऊन बाळाचे भविष्य लिहून जाते ही समजूत महाराष्ट्रात सर्वदूर आढळते. पाटा-वरवंट्याची पूजा मांडतात, त्या पूजेत कोरा कागद आणि लेखणीही ठेवतात आणि ती रात्र जागवतात. या विधीचा बारकाईने विचार केल्यास एक विसंगती नजरेत भरते. ज्या घरांत पिढ्यान्‌पिढ्या कोणाला अक्षरओळख नव्हती, त्या घरांतही वर्षानुवर्षे हा कागद आणि ही लेखणी ठेवली जात होती. लेखन ही ज्यांच्या आवाक्याबाहेरची गोष्ट होती, त्यांनी आपले संपूर्ण आयुष्य एका लेखाच्या स्वाधीन केले होते. सकाळी कागद कोराच असे. तरीही लेख लिहिला गेला आहे आणि तो आपल्याला वाचता येत नाही, असा त्याचा अर्थ लावला जाई.

निरक्षर समाजात लिखित मजकुराला जे गूढ सामर्थ्य प्राप्त होते, त्याचाच हा आविष्कार आहे. सावकाराचे खत, कुलकर्ण्याचे दप्तर, जोशाचे पंचांग आणि सटवाईचा लेख या चार गोष्टी कुणब्याच्या अनुभवात एकाच जातीच्या होत्या. चारही ठिकाणी त्याच्याविषयी काही तरी लिहिलेले होते, चारही ठिकाणी ते त्याला वाचता येत नव्हते आणि चारही ठिकाणी लिहिलेल्यापुढे त्याचे काही चालत नव्हते. दैव अटळ आहे ही श्रद्धा त्याला कोणत्याही ग्रंथातून शिकावी लागली नाही. ती त्याच्या रोजच्या व्यवहाराचा निष्कर्ष होती.

'तृतीय रत्न'चे स्वरूप

नाटकाचे कथानक अगदी साधे आहे. दारी आलेला जोशी एका गरोदर कुणबिणीला ग्रहांची भीती घालतो. पोटातील जिवाला पीडा होईल, ती टाळायची तर अनुष्ठान करावे, ब्राह्मणभोजन घालावे, असे तो सांगतो. भ्यालेले जोडपे ऐपतीबाहेरचा खर्च करते आणि नागवले जाते. पुढे एका पाद्र्याशी झालेल्या संभाषणातून या फसवणुकीचे स्वरूप त्यांच्या ध्यानात येते. अखेर जोतीराव व सावित्रीबाई यांनी चालविलेल्या शाळेत जाऊन शिकण्याचा निश्चय पती-पत्नी करतात. नाटकभर एक विदूषक वावरतो. पात्रांना जे दिसत नाही किंवा दिसूनही बोलता येत नाही, ते तो प्रेक्षकांना सांगत राहतो.

फुले यांनी हे नाटक दक्षिणा प्राइज कमिटीकडे पाठविले होते. ते स्वीकारले गेले नाही, हे त्यांनीच पुढे 'गुलामगिरी' (१८७३) या ग्रंथात नमूद केले आहे. त्यानंतर हे नाटक दीर्घकाळ अप्रकाशित राहिले आणि विसाव्या शतकाच्या उत्तरार्धात ते वाचकांसमोर आले. मराठी नाटकाच्या इतिहासलेखनात त्याला उशिरा स्थान मिळाले याचे हे एक कारण होय. नाटकाच्या शीर्षकातील तिसरे रत्न म्हणजे विद्या, तिसरा डोळा. हे शीर्षक आणि शेवटचा शाळेचा निश्चय यांचा परस्परसंबंध ध्यानात घेतल्याशिवाय नाटकातील दैवचिकित्सेचे मर्म हाती लागत नाही.

अटळ आणि टाळण्याजोगे

जोशाच्या युक्तिवादात एक मूलभूत तार्किक दोष आहे आणि नाटकाचा सारा डोलारा त्या दोषावर उभा आहे. ग्रहांचे फळ जर खरोखर अटळ असेल, तर अनुष्ठानाचा उपयोग नाही. अनुष्ठानाने ते टळत असेल, तर ते अटळ नाही. दोन्ही विधाने एकाच वेळी खरी असू शकत नाहीत. जोशाच्या व्यवसायाला मात्र दोन्हींची गरज आहे. भीती वाटण्यासाठी फळ अटळ असावे लागते आणि दक्षिणा मिळण्यासाठी ते टळणारे असावे लागते.

येथे शुद्ध नियतिवादाशी तुलना करणे उद्‌बोधक ठरेल. बुद्धाचा समकालीन मक्खली गोशाल आणि त्याचा आजीवक संप्रदाय यांनी नियतीचे तत्त्व अखेरपर्यंत ताणले. मानवी पराक्रमाने, प्रयत्नाने वा सदाचाराने काहीही बदलत नाही, जे व्हायचे ते ठरल्याप्रमाणेच होते, असे ते मानत. हे मत कोणाला पटो न पटो, त्यात प्रामाणिक सुसंगती आहे. गोशालाच्या तत्त्वज्ञानात ग्रहशांतीला जागा असू शकत नाही, कारण जे बदलत नाही ते कोणत्याही दक्षिणेने बदलणार नाही. प्राचीन ग्रीसमध्येही हा वाद झाला होता. आजारी माणूस बरा होणे वा न होणे आधीच ठरलेले असेल तर वैद्याला बोलवायचे कशाला, असा आक्षेप तेथे घेतला गेला. त्यावर स्टोइक तत्त्वज्ञ क्रिसिपस याने, बरे होणे ठरलेले असेल तर वैद्याला बोलावणेही त्याच्यासोबत ठरलेले असते, असे उत्तर दिले. या दोन्ही ठिकाणी वाद तत्त्वाचा आहे.

'तृतीय रत्न'मधील जोशी या अर्थाने नियतिवादी नाहीच. भविष्य बदलता येते यावर त्याचा व्यवहार उभा आहे. ते बदलण्याचा मार्ग केवळ आपल्यालाच ठाऊक आहे, एवढाच त्याचा दावा आहे. फुले यांच्या नाटकातून निष्पन्न होणारा महत्त्वाचा निष्कर्ष हाच होय. समाजात प्रत्यक्ष नांदणारा दैववाद हा 'काहीच बदलत नाही' असे मानत नाही. 'बदलण्याचा अधिकार माझा नाही, दुसऱ्याचा आहे' असे तो मानतो. कुणबीण निष्क्रिय नाही. पोटातल्या बाळासाठी ती वाटेल ते करायला तयार आहे. तिच्या ठायी प्रयत्नांची वाण नाही. तिचा प्रयत्न कोणत्या दिशेने जावा हे ठरविण्याचा अधिकार मात्र तिच्याकडे नाही. म्हणूनच अशा माणसांना 'आळशी दैववादी' म्हणून हिणविणे आणि 'असेल माझा हरी तर देईल खाटल्यावरी' या म्हणीच्या आधारे त्यांची टिंगल करणे, हे निदानच चुकीचे आहे. त्यांचे श्रम संपत नाहीत, त्या श्रमांचे फळ दुसऱ्याच्या पदरात पडते.

विदूषकाची भूमिका या ठिकाणी महत्त्वाची ठरते. संस्कृत नाटकातील विदूषक हा बहुधा राजाचा खादाड, विनोदी ब्राह्मण मित्र असतो. फुले यांनी ते पात्र उचलले आणि त्याला राजाच्या बाजूवरून काढून प्रेक्षकांच्या बाजूला बसविले. जोशी जे बोलतो त्यामागचा हेतू विदूषक वाचून दाखवितो. नाटकातील तो पहिला साक्षर 'वाचक' आहे, असे म्हणता येईल. जोशी ग्रह वाचतो, विदूषक जोशाला वाचतो आणि शेवटी कुणबी-कुणबीण स्वतः वाचायला शिकायला निघतात. वाचनाचा अधिकार जोशाकडून त्या जोडप्याकडे असा सरकत जाणे, हीच या नाटकाची खरी घटना आहे.

खतपत्रे : बुडविलेली आणि जाळलेली

लेखापुढे मान तुकविण्याची परंपरा जशी महाराष्ट्रात आहे, तशीच लेखाला नकार देण्याचीही आहे. फुले यांच्या विचाराची पूर्वपीठिका आणि उत्तरपीठिका या दुसऱ्या परंपरेत शोधता येते.

पहिले उदाहरण देहूचे. १६३० च्या सुमारास पडलेल्या भीषण दुष्काळात संत तुकारामांचा व्यवसाय बुडाला, कुटुंबात मृत्यू झाले. वडिलोपार्जित सावकारीची कर्जखते घरात होती. तुकारामांनी त्यांची धाकटा भाऊ कान्होबा याच्यासह वाटणी केली आणि आपल्या वाट्याची खते इंद्रायणीत बुडविली, असे परंपरेने सांगितले जाते. महिपतीसारख्या चरित्रकारांनी या प्रसंगाचे वर्णन विरक्तीचे उदाहरण म्हणून केले आहे. तो विरक्तीचा आहेच. परंतु या प्रसंगाची दुसरीही बाजू आहे. त्या खतांत इतर माणसांचे भविष्य लिहिलेले होते. कोणाचे शेत जाणार, कोणाचे बैल जाणार, कोणाच्या मुलांना वेठीला जावे लागणार, हे त्या कागदांवरून ठरणार होते. ते कागद पाण्यात गेल्याने ऋणकोंचे 'प्रारब्ध' एका दिवसात बदलले. तुकारामांच्या अभंगांतील प्रारब्ध-संचिताच्या उल्लेखांवरून त्यांना दैववादी ठरविणाऱ्यांनी या कृतीचा विचार केलेला दिसत नाही. स्वतःवर कोसळलेले दुःख त्यांनी स्वीकारले, परंतु दुसऱ्याच्या कपाळी आपल्या हाताने दुःख लिहिण्यास नकार दिला. सोसणे आणि सोसायला लावणे यांतील हा भेद संतविचाराच्या मूल्यमापनात निर्णायक मानावा लागेल. नवससायास आणि अंगात येण्याचे प्रकार यांवर तुकारामांनी केलेली कठोर टीकाही या भूमिकेशी सुसंगत आहे.

दुसरे उदाहरण पुणे जिल्ह्यातील सुपे गावचे. १२ मे १८७५ रोजी तेथे शेतकऱ्यांनी सावकारांच्या घरांवर चाल केली आणि पुढे हा उठाव पुणे व अहमदनगर जिल्ह्यांतील अनेक गावांत पसरला. या दंगलींचे एक वैशिष्ट्य सरकारी चौकशीतही नोंदले गेले. शेतकऱ्यांचा रोख मुख्यतः माणसांपेक्षा कागदांवर होता. खते हाती आली आणि ती जाळली की अनेक ठिकाणी जमाव शांत होई. आपले दुर्दैव कोठे लिहिलेले आहे, हे त्या निरक्षर शेतकऱ्यांना नेमके ठाऊक होते. ते कपाळावर नव्हते, सावकाराच्या पेटीत होते. १८७९ च्या दख्खन शेतकरी कायद्याने न्यायालयांना खताच्या मागे जाऊन मूळ व्यवहार तपासण्याची मुभा दिली. लिहिलेला कागद हाच अंतिम पुरावा नाही, त्याची फेरतपासणी होऊ शकते, हे तत्त्व कायद्याने मान्य केले. दैवाच्या भाषेत बोलायचे तर विधिलिखिताविरुद्ध अपील दाखल करण्याची सोय झाली.

२५ डिसेंबर १९२७ रोजी महाड येथे डॉ. बाबासाहेब आंबेडकर यांच्या नेतृत्वाखाली झालेले मनुस्मृतीचे दहन हे या परंपरेतील तिसरे आणि सर्वांत व्यापक उदाहरण होय. येथे जाळला गेलेला लेख एखाद्या ऋणकोचा नव्हता, जन्मावरून माणसाची जागा ठरविणाऱ्या व्यवस्थेचा होता. 'बुद्ध आणि त्यांचा धम्म' (१९५७) या ग्रंथात आंबेडकरांनी पूर्वजन्मीच्या कर्मावर या जन्मीची दुःस्थिती लादणाऱ्या सिद्धान्ताची चिकित्सा केली, ती याच दृष्टीने. गरिबाच्या दारिद्र्याचे कारण त्याच्याच पूर्वकर्मात शोधले की समाजाची जबाबदारी संपते, हे त्यांनी स्पष्टपणे दाखवून दिले.

टिळकांचा यत्नवाद आणि फुले यांचा प्रश्न

दैववादाला मराठीत मिळालेले सर्वांत पांडित्यपूर्ण उत्तर लोकमान्य टिळकांच्या 'गीतारहस्या'त (१९१५) आहे, हे नाकारता येणार नाही. मंडालेच्या तुरुंगात १९१०-११ च्या हिवाळ्यात लिहिलेल्या या ग्रंथातील 'कर्मविपाक व आत्मस्वातंत्र्य' हे प्रकरण येथे विशेष महत्त्वाचे आहे. कर्माची साखळी अनादी असेल तर माणसाला स्वातंत्र्य कोठे उरते, हा प्रश्न टिळकांनी टाळला नाही. देह आणि इंद्रिये कर्माच्या नियमाने बांधलेली असली तरी आत्मा मूलतः स्वतंत्र आहे आणि ज्ञानाकडे जाण्याची प्रेरणा त्या स्वातंत्र्यातून उद्‌भवते, अशी त्यांची मांडणी आहे. कर्मविपाकाचा आधार घेऊन हातावर हात ठेवून बसणे त्यांना मान्य नाही. परतंत्र राष्ट्राला कर्मयोगाचा उपदेश करणाऱ्या नेत्याने ही मांडणी तुरुंगात बसून करावी, यातील औचित्य वेगळे सांगण्याची गरज नाही.

तथापि टिळकांचा प्रश्न आणि फुले यांचा प्रश्न एक नाही. टिळकांपुढील माणूस शास्त्र वाचू शकतो. त्याला स्वतःच्या संकल्पशक्तीविषयी शंका आहे आणि त्या शंकेचे निरसन तत्त्वज्ञानाने करायचे आहे. फुले यांच्यापुढील माणसाला ते शास्त्र वाचण्याची मुळात बंदी होती. त्याच्या बाबतीत दैववाद हा तात्त्विक गोंधळ नसून सामाजिक करार आहे, ज्यावर त्याने न वाचता अंगठा उठविला आहे. टिळक इच्छाशक्तीला आवाहन करतात, फुले कराराचा कागद उलगडतात. फुले यांच्या 'सार्वजनिक सत्यधर्म पुस्तका'त (१८९१) दैव आणि आकाशातील ग्रह यांसंबंधीचे प्रश्न पुन्हा येतात, म्हणजे 'तृतीय रत्न'मधील जिज्ञासा त्यांनी आयुष्यभर सोडली नाही असे दिसते. मराठी विचारपरंपरेत या दोन उत्तरांना परस्परविरोधी मानण्यापेक्षा दोन वेगळ्या प्रश्नांची उत्तरे मानणे अधिक न्याय्य ठरेल.

नाटकाच्या मर्यादा

'तृतीय रत्न'ची चिकित्सा मर्मग्राही असली तरी नाटक निर्दोष नाही. त्यातील संवाद प्रबोधनाच्या ओझ्याखाली अनेकदा वाकतात. पाद्र्याचे विवेचन नाट्यगतीला मारक ठरते. त्याहून महत्त्वाचा आक्षेप असा की, जोडप्याची सुटका बाहेरून आलेल्या माणसाच्या बोलण्याने होते. एका उपदेशकाच्या हातून सुटून ते दुसऱ्या उपदेशकाच्या हाती जातात की काय, अशी शंका वाचकाला येऊ शकते. शेवटचा शाळेचा निश्चय या शंकेचे बऱ्याच अंशी निरसन करतो, कारण त्यामुळे ते जोडपे पाद्र्याच्या नव्हे तर स्वतःच्या डोळ्यांवर विसंबायला निघते.

दुसरी मर्यादा अधिक खोल आहे. मानवी जीवनातील सर्वच आपत्ती जोशाने निर्माण केलेल्या नसतात. मूल दगावते, पाऊस पडत नाही, माणसे अकाली जातात. या दुःखापुढे 'भोग' किंवा 'प्रारब्ध' हा शब्द काही वेळा केवळ सांत्वन करतो, कोणाची लूट करीत नाही. फुले यांच्या नाटकात या दैवाला जागा नाही. मराठी साहित्यात त्याचा वेध पुढे जी. ए. कुलकर्णी यांच्यासारख्या कथाकारांनी घेतला. 'सांजशकुन' (१९७५), 'रमलखुणा' (१९७५) आणि 'पिंगळावेळ' (१९७७) ही त्यांच्या संग्रहांची शीर्षके पाहिली तरी शकुन, रमल, पिंगळा ही भविष्यकथनाची साधने त्यांना किती जवळची होती हे कळते. परंतु त्यांच्या कथाविश्वात खुणा दिसतात, त्यांचा उपयोग होत नाही. तेथे दक्षिणा घेऊन खुणेचा अर्थ सांगणारा आणि संकट टाळून देणारा जोशी नाही. म्हणून त्यांची नियती भयप्रद असली तरी तिचा व्यापार होऊ शकत नाही. जी. एं. च्या नियतीला जोशाच्या ग्रहांच्या पंक्तीला बसवून दोघांनाही 'दैववादी' या एकाच शिक्क्याने संबोधणे ही समीक्षेतील ढिलाई आहे. ज्याला उत्तर नाही अशा दुःखाची जाणीव आणि ज्याला उत्तर आहे अशा दुःखाला अटळ ठरविणे, यांत गुणात्मक अंतर आहे.

आजचा संदर्भ

'तृतीय रत्न' लिहिले गेले त्याला दीडशेहून अधिक वर्षे लोटली. पवनेकाठच्या पिंपळे सौदागरसारख्या गावांत शेतांच्या जागी गृहसंकुले उभी राहिली, पिंपरी-चिंचवड आणि चाकणच्या कारखान्यांनी देशभरातील सुशिक्षित मनुष्यबळ येथे आणले. फुले यांना अभिप्रेत असलेली अक्षरओळख येथे घरोघरी पोहोचली आहे. तरीही विवाह जुळविताना पत्रिका पाहिली जाते आणि आता ती संगणक जुळवून देतो. पंचांग वाचता न येणाऱ्याच्या भीतीची जागा संगणकाचे गणित न तपासणाऱ्याच्या विश्वासाने घेतली आहे.

जोशाला लेख वाचता येतो का, या प्रश्नाची प्रत्यक्ष परीक्षाही पुण्यातच झाली. डॉ. जयंत नारळीकर यांनी डॉ. नरेंद्र दाभोलकर, सुधाकर कुंटे आणि प्रकाश घाटपांडे यांच्यासह २००८ मध्ये एक चाचणी घेतली. १०० हुशार विद्यार्थी आणि १०० बौद्धिक अक्षमता असलेली मुले यांच्या जन्मपत्रिकांतून प्रत्येक सहभागी ज्योतिषाला ४० पत्रिका देऊन त्यांचे वर्गीकरण करण्यास सांगण्यात आले. उत्तरे पाठविणाऱ्या २७ ज्योतिषांचे सरासरी यश ४६ टक्के होते. नाणे उडवून मिळणाऱ्या यशापेक्षा ते अधिक नव्हते. विद्यापीठ अनुदान आयोगाने २००१ मध्ये 'ज्योतिर्विज्ञान' हा विषय विद्यापीठांत सुरू करण्याचा निर्णय घेतला होता आणि २००४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने त्यात हस्तक्षेप करण्यास नकार दिला होता, हे लक्षात घेता महाविद्यालयीन अध्यापकांसाठी या चाचणीचे महत्त्व केवळ ऐतिहासिक नाही. ज्या शाळेकडे फुले यांनी आपल्या पात्रांना पाठविले, त्या शाळेतच पंचांगाला बाक मिळणार असेल तर नाटकाचा शेवट बदलावा लागेल.

परंतु दैववादाचे आजचे सर्वांत प्रभावी रूप पत्रिकेत नाही, भाषेत आहे. अपघाताच्या प्रत्येक बातमीत व प्रत्येक शोकसंदेशात 'दुर्दैवी घटना' हा शब्दप्रयोग सरसकट आढळतो. ८ डिसेंबर २०२३ रोजी पिंपरी-चिंचवडमधील तळवडे येथे केकवर लावायच्या शोभेच्या मेणबत्त्या बनविणाऱ्या, आवश्यक परवाने नसलेल्या एका कारखान्यात आग लागली आणि अनेक कामगार स्त्रिया मृत्युमुखी पडल्या. १५ जून २०२५ रोजी मावळ तालुक्यातील कुंडमळा येथे इंद्रायणीवरील जुना लोखंडी पूल कोसळून चार जणांना प्राण गमवावे लागले. दोन्ही घटना 'दुर्दैवी' म्हणून नोंदल्या गेल्या. दैवाचा यात कोणता भाग होता? परवाना, तपासणी, दुरुस्ती, पर्यायी पूल या सर्व माणसांनी करण्याच्या गोष्टी होत्या. 'दुर्दैवी' हे विशेषण दुःख व्यक्त करते आणि त्याच श्वासात कर्त्याचे नाव पुसून टाकते.

कुंडमळ्याचे उदाहरण फुले यांच्या विचाराची कसोटी पाहणारे आहे. पूल धोकादायक असल्याचा फलक तेथे होता. तो मराठीत होता, वाचण्याजोगा होता. म्हणजे ललाटलेख या वेळी उघड्यावर लावलेला होता. तरीही अनर्थ टळला नाही. केवळ वाचता येणे पुरेसे नाही, हा धडा यातून मिळतो. फलक लावणे म्हणजे धोका ओळखणे होय. तो दूर करण्याचा अधिकार आणि कर्तव्य ज्यांच्याकडे असते त्यांनी ते पार पाडले नाही, तर फलक हा निव्वळ आधुनिक पंचांग ठरतो. अनिष्ट सांगून तो मोकळा होतो.

हा पुढचा टप्पा फुले यांना दिसला होता, हे येथे आवर्जून नमूद केले पाहिजे. १८८३ मध्ये लिहिलेल्या 'शेतकऱ्याचा असूड' या ग्रंथाच्या आरंभी धर्माच्या निमित्ताने शेतकऱ्याची जन्माआधीपासून मृत्यूनंतरपर्यंत कशी लूट होते याचे वर्णन आहे. 'तृतीय रत्न'चाच तो विस्तार होय. मात्र ग्रंथ तेथे थांबत नाही. शेतातील माती वाहून जाऊ नये म्हणून बांध घालावेत, तळी-धरणे बांधावीत, शेतकऱ्यांच्या मुलांना शिक्षण द्यावे, अशा मागण्या ते थेट सरकारपुढे ठेवतात. पाऊस पडणे हातात नसेल, पडलेले पाणी अडविणे हातात आहे. १८५५ च्या नाटकातील कुणबी वाचायला शिकायला निघतो, १८८३ च्या ग्रंथातील शेतकऱ्याच्या वतीने राज्यकर्त्यांकडे हिशेब मागितला जातो. वाचनाकडून जाब विचारण्याकडे झालेला हा प्रवास फुले यांच्या दैवचिकित्सेची परिणती आहे.

समारोप

उपरोक्त विवेचनावरून असे म्हणता येईल की, 'तृतीय रत्न' हे केवळ अंधश्रद्धेवर टीका करणारे प्रबोधनपर नाटक नाही. दैववाद म्हणजे बदलाची अशक्यता नसून बदलाच्या अधिकाराचे हस्तांतरण होय, हे या नाटकाने मराठीत फार लवकर दाखवून दिले. तुकारामांनी खते बुडवून दुसऱ्याचे दैव लिहिण्याचा अधिकार सोडला, सुप्याच्या शेतकऱ्यांनी आपले दैव लिहिणारा कागद जाळला आणि फुले यांनी तो कागद वाचण्याची विद्या मागितली. या तीन कृतींना जोडणारे सूत्र एकच आहे. लेख माणसाचा असतो, म्हणून तो माणसाने तपासावा.

मराठीच्या अध्यापनात 'तृतीय रत्न'चा समावेश झाल्यास त्याचे वाचन फुले यांच्या कार्याचा ऐतिहासिक दस्तऐवज म्हणून होणे पुरेसे नाही. 'दुर्दैवी', 'योगायोगाने', 'काळ आला होता' असे शब्द विद्यार्थ्यांच्या आणि अध्यापकांच्याही लेखणीतून सहज उतरतात. त्या प्रत्येक वेळी कर्ता कोण, हा व्याकरणाचा साधा प्रश्न विचारण्याची सवय या नाटकाने लावली, तर त्याचे अध्ययन सार्थकी लागेल. सटवाईच्या पूजेत ठेवलेला कागद सकाळी कोराच असतो. तो कोरा आहे हे ओळखणे ही तिसऱ्या डोळ्याची पहिली खूण आहे आणि शेजारी ठेवलेली लेखणी उचलणे ही दुसरी.